मोलेच्या रानात दोन दिवस : भगवान महावीर अभयारण्यात पायी फिरण्यासाठी सविस्तर मार्गदर्शन

पणजीत सकाळी नळ सोडल्यावर जे पाणी येते ते ओपाच्या जलशुद्धीकरण केंद्रातून येते, आणि ओपाला ते खांडेपार नदी पुरवते. ही नदी सह्याद्रीच्या ज्या उतारांवर जन्म घेते, ते उतार म्हणजेच मोलेचे रान. दूधसागराच्या कड्यावरून कोसळणारे पाणी, आणि अभयारण्यातले कितीतरी लहान व्हाळ (ओढे) अखेर याच नदीत उतरतात. फोंडा व तिसवाडीतल्या ज्या घरांत हे पाणी रोज प्यायले जाते, त्यांतल्या कितीतरी जणांनी ते रान एकदाही पायी पाहिलेले नाही. जीपमधून दूधसागर पाहून आलेले पुष्कळ भेटतात. पण रान चालून आलेले फार थोडे. ज्यांना खरोखर चालायचे आहे, त्यांनी तयारी कशी करावी, कोणत्या महिन्यात जावे, परवानगी कशी घ्यावी, दोन दिवस कसे आखावेत आणि परतल्यावर काय तपासावे, हे क्रमाने सांगण्यासाठी हा लेख लिहिला आहे.

आधी एक आग्रह मांडतो, कारण पुढचे सगळे नियोजन त्यावर उभे आहे. एका दिवसात एकच वाट चालावी. तांबडी सुर्ला, दूधसागर आणि डेव्हिल्स कॅनियन ही तिन्ही ठिकाणे एका दिवसात उरकणारी मंडळी दिवसाचा बहुतेक वेळ गाडीत घालवतात, आणि रानात पोचतात तेव्हा ऊन चढलेले असते, पाखरे गप्प झालेली असतात.

रानाची ओळख

गोव्याच्या पूर्व सीमेवर दक्षिणेकडून उत्तरेकडे खोतीगाव, नेत्रावळी, भगवान महावीर आणि म्हादई अशी चार अभयारण्ये सह्याद्रीच्या कुशीत पसरली आहेत. त्यांच्या पलीकडे कर्नाटकातील काळी व्याघ्र प्रकल्पाचे आणि भीमगडचे जंगल सुरू होते. त्यामुळे जनावरांच्या दृष्टीने हे सगळे एकच रान आहे, राज्यांच्या सीमा फक्त आपल्यासाठी आहेत. यांतले मोलेचे रान १९६९ साली अभयारण्य म्हणून घोषित झाले. एकूण क्षेत्र सुमारे २४० चौरस किलोमीटर असून त्याच्या गाभ्यातील १०७ चौरस किलोमीटर भागाला १९७८ साली राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला.

पहिल्यांदा जाणाऱ्याला मी म्हादईऐवजी मोलेच सुचवतो. म्हादईचे डोंगर अधिक उंच आहेत आणि वाघेरीसारखी शिखरे मनात भरतात, पण तिथल्या वाटा गावागावांतून फुटतात आणि माहीतगार सोबत नसेल तर त्या सापडत नाहीत. मोलेला पोचणे त्या मानाने सोपे आहे. पणजीहून फोंडामार्गे सुमारे साठ किलोमीटर, आणि बेळगावकडे जाणारा महामार्ग अभयारण्याच्या तोंडाशीच जातो. कुळे रेल्वे स्थानक मोलेपासून पाच-सहा किलोमीटरवर आहे. फोंड्याहून मोलेपर्यंत बस मिळते; मात्र तांबडी सुर्लाकडे पहाटे निघायचे असेल तर स्वतःचे वाहन लागतेच, कारण आतल्या गावांच्या बसगाड्या गावकऱ्यांच्या वेळा सांभाळून धावतात, पाखरांच्या नव्हे.

कोणत्या महिन्यात जावे

ऋतूची निवड चुकली तर उरलेली सगळी तयारी वाया जाते, म्हणून यावर थोडे अधिक लिहितो.

जून ते सप्टेंबर हा पावसाचा काळ. धबधबे याच दिवसांत पूर्ण ताकदीने कोसळतात, आणि नेमके याच दिवसांत माणसे बुडतात. २०२३ च्या जुलैत नेत्रावळीतील मैनापी धबधब्यावर दोघांचा बुडून मृत्यू झाला. त्यानंतर वनखात्याने अभयारण्यांतील धबधब्यांवर प्रवेशबंदी घातली होती. अशी बंदी केव्हाही लागू होऊ शकते आणि ती पाळावी. पावसाळ्यातल्या व्हाळाचा धोका डोळ्यांना दिसत नाही, कारण आपल्या डोक्यावर ऊन असले तरी वरच्या घाटमाथ्यावर सर कोसळून गेलेली असते आणि ते पाणी काही वेळाने अचानक खाली पोचते. स्वच्छ पाणी गढूळ होऊ लागणे, त्यात ताजी हिरवी पाने आणि काटक्या वाहत येणे, आणि वाहण्याचा आवाज जड होणे या तीन खुणा दिसल्या की आहे तिथून काठावर यावे व उंच जागा गाठावी. पलीकडच्या काठावर सामान राहिले असले तरी ते आणायला पुन्हा पाण्यात उतरू नये.

ऑक्टोबर आणि नोव्हेंबरमध्ये पाऊस ओसरतो, पण व्हाळ भरलेले असतात आणि झाडोरा गच्च हिरवा असतो. दूधसागरच्या जीप साधारण ऑक्टोबरच्या आरंभी सुरू होतात. पाणी आणि हिरवळ दोन्ही हवी असणाऱ्याने हेच महिने धरावेत. ओलसर वाटांवर जळवा मात्र अजून असतात.

डिसेंबर ते फेब्रुवारी हा पाखरे पाहण्याचा आणि निवांत चालण्याचा उत्तम काळ. पहाटे गारवा असतो, वाटा कोरड्या असतात, काही झाडांची पाने गळल्यामुळे दृष्टी आतपर्यंत पोचते. पण याच सुमारास रानात गोचिडांची लहान पिल्ले वाढतात. त्यांच्याबद्दल शेवटी सविस्तर सांगितले आहे आणि तो भाग कोणीही गाळू नये.

मार्चपासून रान वाळते. २०२३ च्या मार्चमध्ये म्हादई अभयारण्यात अनेक ठिकाणी वणवे लागले होते. या दिवसांत एक जळती विडीसुद्धा डोंगर पेटवायला पुरेशी असते. ज्यांना उन्हाचा त्रास होतो त्यांनी एप्रिल-मे टाळावा; जायचेच असेल तर सकाळी नऊच्या आत चालणे संपवावे.

परवानगी आणि वाटाड्या

अभयारण्य म्हणजे मोकळे माळरान नव्हे. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ नुसार अभयारण्यात शिरण्यासाठी परवाना लागतो, आणि पर्यटन, छायाचित्रण, अभ्यास अशा ठराविक कारणांसाठीच तो दिला जातो. मोले येथे वनखात्याचे कार्यालय व निसर्ग माहिती केंद्र आहे. तिथे ओळखपत्र दाखवून, प्रवेश व कॅमेऱ्याचे शुल्क भरून पावती घ्यावी आणि ती दिवसभर जवळ ठेवावी. आपण नेमकी कोणती वाट चालणार, किती जण आहोत आणि किती वाजता परतणार हे कार्यालयात स्पष्ट सांगावे. कोणती वाट त्या आठवड्यात बंद आहे हेही तिथेच कळते. अभयारण्यात परवानगीशिवाय हत्यार नेणे, आग पेटवणे किंवा जनावरांना त्रास होईल असे वागणे हे कायद्याने गुन्हे आहेत. स्वयंपाकासाठी चूल मांडण्याची कल्पना म्हणूनच मनातून काढून टाकावी.

परवान्यापेक्षाही महत्त्वाचा असतो तो वाटाड्या. बोळकर्णे, साकोर्डा, कुळे आणि मोलेच्या वाड्यांवर रानाची चांगली ओळख असलेली माणसे आहेत. वनखात्याच्या कार्यालयात विचारले तर योग्य माणूस मिळतो. काही वर्षांपूर्वी मी आणि माझा एक मित्र वाटाड्याशिवाय शिरलो होतो. वाट ठळक होती, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. पण अर्ध्या-पाऊण तासाने ती दोन ठिकाणी फुटली, प्रत्येक फाट्यावर आम्ही अधिक ठळक वाट धरली, आणि दुपारी एका दाट करवंदीच्या जाळीपाशी ती वाट संपली. ती गुरांची वाट होती. माणसांच्या वाटा कुठेतरी पोचवतात, गुरांच्या वाटा चाऱ्यापाशी संपतात, हे तेव्हा आम्हाला कळले. मोबाईलला रेंज नव्हती. व्हाळाच्या काठाने खाली उतरावे असे वाटत होते, पण व्हाळ पुढे कड्यावरून पडू शकतो, म्हणून आम्ही आलेल्या वाटेनेच, प्रत्येक फाट्यावर आपल्याच बुटांचे ठसे शोधत, चार तासांनी परतलो. ठसे मिळाले नसते तर रात्र रानातच गेली असती. त्यानंतर मी वाटाड्याशिवाय अभयारण्यात पाऊल ठेवलेले नाही.

मोबदला आधीच ठरवावा, पूर्ण दिवसाचा द्यावा आणि अर्ध्या दिवसात परतलो तरी तो कापू नये. ज्या गावांना रानातून रोजगार मिळतो त्या गावांना रान राखणे परवडते.

अंगावर काय, पाठीवर काय

लांब बाह्यांचा फिक्या रंगाचा सदरा आणि पायघोळ विजार घालावी. विजारीचे टोक मोज्यात खोचावे. फिक्या कापडावर गोचीड आणि जळू लगेच दिसतात, म्हणून रानाशी मिसळणाऱ्या गडद हिरव्यापेक्षा मळकट खाकी किंवा फिकट करडा रंग मला अधिक सोयीचा वाटतो. भडक लाल, पिवळे आणि पांढरेशुभ्र कपडे टाळावेत. बुटांचा तळ खाचेदार रबराचा असावा. गोव्याचा जांभा दगड कोरडा असताना पाय धरून ठेवतो, पण शेवाळ धरल्यावर साबणासारखा निसरडा होतो; अशा दगडावर पाऊल सपाट टाकावे, टाचेवर भार देऊ नये. नवे बूट घेतले असतील तर निदान आठवडाभर घालून ते पायाला सवयीचे करावेत.

पाठीवरच्या पिशवीत प्रत्येकासाठी दोन ते तीन लिटर पाणी, घरची चपाती-भाजी किंवा उंडे, मूठभर गूळ-शेंगदाणे, मीठ-साखरेची पाकिटे, टॉर्च, शिटी, पातळ पावसाळी अंगरखा, लवचीक पट्टी, लहान चिमटा आणि कीटकरोधक मलम एवढे सामान पुरे. दुर्बीण असेल तर ती गळ्यात ठेवावी; पिशवीतली दुर्बीण काढेपर्यंत पाखरू निघून गेलेले असते. गाण्यांचे स्पीकर आणि उग्र अत्तरे घरी ठेवावीत. मोबाईलवर नकाशा आधीच उतरवून घ्यावा, आणि घरच्या एका माणसाला परतण्याची वेळ सांगून ठेवावी: अमुक वाजेपर्यंत फोन आला नाही तर मोलेच्या वनकार्यालयाला कळव, इतके स्पष्ट.

पहिला दिवस : तांबडी सुर्ला

मोलेहून तांबडी सुर्ला सुमारे बारा-तेरा किलोमीटरवर आहे. रस्ता बोळकर्ण्यावरून, कुळागरे आणि काजूच्या बागा ओलांडत जातो. सूर्योदयापूर्वी देवळापाशी पोचावे, आणि त्याला दोन कारणे आहेत. कदंब राजवटीतले, बाराव्या-तेराव्या शतकातले हे महादेवाचे देऊळ पूर्वाभिमुख आहे आणि सूर्याचे पहिले किरण सरळ गाभाऱ्याकडे जातात. दुसरे कारण म्हणजे देवळाभोवतीच्या झाडांवर पाखरांची सकाळची लगबग पहिल्या दीड तासात संपते.

देऊळ भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाच्या संरक्षणाखाली आहे. गोव्यातले बहुतेक प्राचीन देवस्थान पोर्तुगीज काळात मोडले गेले किंवा हलवले गेले. हे मात्र रानाच्या आडोशामुळे टिकले. आत शिरल्यावर मंडपाच्या मध्यभागी शिर नसलेला नंदी दिसतो. त्याच्या भोवतीच्या चार खांबांपैकी एकाच्या तळाशी घोड्याला पायाखाली तुडवणारा हत्ती कोरलेला आहे, तो वाकून शोधावा. छतावर अष्टदल कमळ आहे. देवळाला वळसा घालून दगडी पायऱ्यांनी नदीपर्यंत उतरता येते. तिथे दहा मिनिटे न बोलता बसावे. शीळकरी कस्तूर हा गडद निळा पक्षी अशाच जागी, पाण्याशेजारच्या दगडावर, गुराख्याने सहज वाजवावी तशी शीळ घालतो.

इथून वाटाड्यासोबत रानात शिरावे. धबधब्याकडे जाणारी वाट याच परिसरातून निघते. साधारण दोन तास जाण्यास आणि तितकेच परतण्यास धरावेत, कारण ही वाट पळत संपवण्याची नाही. ती खुली आहे की नाही हे मोलेच्या कार्यालयात आदल्या दिवशी विचारून घ्यावे. लहान मुले किंवा गुडघ्यांचा त्रास असलेली वडीलधारी मंडळी सोबत असतील तर देवळाभोवतीचा एक-दीड किलोमीटरचा परिसर पुरेसा आहे आणि पाखरे तिथेही कमी नसतात.

चालताना चालीचा वेग वाटाड्यावर सोडावा. वीस पावले चालून थांबणे, कान देणे आणि मग पुन्हा चालणे ही खरी पद्धत. पहिल्या पाच मिनिटांत रान रिकामे वाटते; नंतर आवाज सुटे होऊ लागतात. वर फांदीवर सालपटे खाली पडत असतील तर शेकरू काहीतरी कुरतडत आहे असे समजावे. झुडपातून कर्कश, तुटक आरव आला तर तो रानकोंबडा. पंखांचा जोरकस, वाफेच्या इंजिनासारखा आवाज डोक्यावरून गेला तर तो महाधनेश, आणि तो उडून जाण्याआधी वर पाहायला हवे. गोव्याचा राज्यपक्षी असलेला लाल गळ्याचा पिवळा बुलबुल इथे भेटतो. सगळ्यांत अवघड म्हणजे मलबारी कर्णा. नराची छाती लालभडक असूनही तो दिसत नाही, कारण माणसाची चाहूल लागली की तो आपल्याकडे पाठ करून बसतो आणि त्याची तपकिरी पाठ सुकलेल्या पानासारखी भासते. एकदा माझा वाटाड्या एका भेरली माडाशेजारी थांबला आणि बोटाने नव्हे, हनुवटीने वर दाखवले. बोट उचलले असते तर पाखरू उडाले असते. मी तीन-चार मिनिटे त्याच फांदीकडे पाहत होतो आणि मला काहीही दिसत नव्हते. मग त्या सुकलेल्या पानाने हळूच मान वळवली.

झाडांकडेही पाहावे. सुसरीच्या पाठीसारखी चौकोनी भेगांची साल असलेले उंच झाड म्हणजे माट्टी, गोव्याचा राज्यवृक्ष. चवथीच्या माटोळीला आपण जी माट्टीची फळे बांधतो ती याचीच. उन्हाळ्यात याच्या खोडात पाणी साठलेले असते आणि रानातली जुनी माणसे तहान भागवण्यासाठी ते काढत असत. आपण मात्र तसे करू नये, कारण खोडाला केलेली जखम झाडाला वर्षानुवर्षे वागवावी लागते. किंदळ, कुंभा, भिरंड आणि जांभूळ ही झाडे ओळखीची असतात. त्यांच्या सावलीत उन्हाच्या एका कवडशावर तरंगत जाणारे मोठे पांढरे-काळे, कागदासारखे फुलपाखरू दिसले तर ते मलबार ट्री निम्फ. ते इतके संथ उडते की त्याच्यासोबत चालता येते.

जनावर समोर आले तर

या रानात गवा, सांबर, भेकर, चितळ, अस्वल, बिबटा, रानडुक्कर, उदमांजर आणि खवलेमांजर यांचा वावर आहे. वाघ दिसेल या आशेने जाऊ नये. गोव्यात वाघ आहेत याचा सगळ्यांत दुःखद पुरावा जानेवारी २०२० मध्ये मिळाला, जेव्हा म्हादईच्या गोळावली परिसरात चार वाघ मृतावस्थेत सापडले. २४ जुलै २०२३ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने व्याघ्र प्रकल्प अधिसूचित करण्याचा निर्देश राज्य सरकारला दिला. पायी चालणाऱ्याची खरी गाठ पडते ती गव्याशी.

गवा हा गोव्याचा राज्यप्राणी. पूर्ण वाढलेला नर खांद्यापाशी जवळजवळ दोन मीटर उंच असतो आणि त्याचे वजन हजार किलोपर्यंत जाते. काळ्याभोर अंगाखाली गुडघ्यापर्यंत पांढरे मोजे घातल्यासारखे पाय दिसतात. शेण ताजे आणि ओलसर असेल, वाटेवरच्या कारवीची पाने नुकतीच तुटलेली असतील, तर कळप जवळ आहे असे धरून बोलणे बंद करावे. गवा दिसल्यावर जागच्या जागी थांबावे आणि त्याला जायला वाट आहे ना हे पाहावे. तो फुरफुरला किंवा आपल्याकडे बाजू करून उभा राहिला तर तो आपला आकार दाखवून इशारा देत असतो. अशा वेळी त्याच्यावरची नजर न काढता सावकाश मागे सरकावे आणि जाड खोडाच्या आड जावे. पाठ वळवून धावणे ही सगळ्यांत मोठी चूक. फोटोसाठी दहा पावले पुढे जाण्याचा मोह होतो, आणि एकटा म्हातारा नर किंवा वासरू सोबत असलेली गाय तो मोह खपवून घेत नाही.

अस्वल मुख्यतः संध्याकाळनंतर बाहेर पडते आणि अचानक जवळ गेल्यावर घाबरून हल्ला करते. दाट झुडपातून जाताना आणि वळणांवर हलके बोलत राहावे, आणि साडेपाचच्या आत रानातून बाहेर पडावे.

सापांसाठी साधा नियम: जिथे पाऊल पडणार ती जागा दिसल्याशिवाय पाऊल टाकू नये, आणि न पाहता दगडाला किंवा फांदीला हात लावू नये. मलबारी चापडा तासन्तास एकाच फांदीवर निश्चल असतो आणि त्याचा रंग कधी हिरवा, कधी तपकिरी, कधी पिवळसर असतो. दंश झाल्यास त्या माणसाला चालवू नये. दंश झालेला अवयव हलणार नाही असा आधार द्यावा, अंगठी-कडे काढावे आणि १०८ वर फोन करून इस्पितळ गाठावे. चीर देणे, रक्त चोखणे, घट्ट दोरी बांधणे यांतले काहीही करू नये. आपल्याकडे मिळणारी प्रतिविषाची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चार सापांच्या विषावर चालते. चापड्यासाठी वेगळी लस नाही, म्हणून डॉक्टरांना सापाचे वर्णन नीट सांगावे, पण साप मारण्यात किंवा पकडण्यात वेळ घालवू नये. रेंज मिळाली नाही तर एकाने सोबत थांबावे आणि दुसऱ्याने रस्त्याकडे जावे. गंभीर रुग्ण अखेरीस बांबोळीच्या गोमेकॉत (गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या इस्पितळात) पाठवला जातो, आणि मोलेहून तिथे पोचायला दीड तासाच्या आसपास लागतो हे लक्षात ठेवून लवकर निर्णय घ्यावा.

दुसरा दिवस : कुळे आणि दूधसागर

दूधसागरची उंची ३१० मीटर असून तो चार टप्प्यांत कोसळतो. वनखात्याच्या परवानगीने कुळ्याहून जीपने जाणे हा सर्वमान्य मार्ग आहे. रस्ता रानातून जातो, वाटेत तीन वेळा पाणी ओलांडतो, आणि शेवटचा भाग दगडांवरून पायी चालावा लागतो. धबधब्यापाशी जीवरक्षक जाकीट घालणे सक्तीचे आहे आणि पोहता येत असले तरी ते घालावेच, कारण कड्याखालच्या कोंडीत पाण्याचा ओढा वरून दिसतो त्याहून प्रबळ असतो. शनिवार-रविवार टाळून मधल्या वारी, सकाळच्या पहिल्या जीपने जावे. तिथली माकडे हातातले खाणे हिसकावतात, आणि ती सवय त्यांना पर्यटकांनीच लावली आहे. त्यांना काहीही देऊ नये.

रेल्वे रुळांवरून चालत दूधसागर गाठण्याचा प्रकार समाजमाध्यमांमुळे फोफावला आहे. त्याबद्दल स्पष्ट लिहितो. कॅसलरॉक ते कुळे हा सुमारे २६ किलोमीटरचा घाट १८८८ साली वाहतुकीसाठी खुला झाला. ३७ मीटर जाताना एक मीटर उतरणारा तो तीव्र उतार आहे आणि त्यात ठिकठिकाणी बोगदे आहेत. बोगद्यात रुळांच्या बाजूला माणसाला सुरक्षित उभे राहण्याएवढी जागा सर्वत्र नसते, आणि पावसात धबधब्याच्या गजरापुढे गाडीचा आवाज ऐकू येत नाही. रुळांवर विनापरवाना फिरणे हा रेल्वे अधिनियमाच्या कलम १४७ खाली गुन्हा असून त्यासाठी सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. रूळ पाहण्याची हौस असेल तर ती गाडीच्या खिडकीतून भागवावी. मडगावहून घाट चढणाऱ्या गाडीतून धबधबा अगदी समोरून जातो.

ज्यांना दूधसागरची गर्दी नको, त्यांनी दुसऱ्या दिवशी मोलेच्या डोंगरावरील सनसेट पॉइंटकडे जाणारा रानरस्ता वाटाड्यासोबत चालावा. वरून दिसणारी झाडांची लाट पाहिली की ओपाच्या पाण्याचा उगम डोळ्यांसमोर येतो. डेव्हिल्स कॅनियन येथे नदीने खडक कापून अरुंद घळ केली आहे; पाणी वर शांत दिसते आणि आत भोवरे असतात. तिथे काठावरून पाहावे, पाण्यात उतरू नये.

परतल्यावर

रानातून बाहेर पडताच, गाडीत बसण्यापूर्वी, कपडे झटकावेत. जळू चिकटली असेल तर नखाने तिच्या तोंडाच्या बाजूने हळूच सरकवून काढावी. ओढू नये, आणि व्हाळाच्या काठी तिच्यावर मीठ ओतू नये, कारण ते पाण्यात उतरून बेडकांना अपाय करू शकते. जळवेचा चावा रक्त वाहताना भीतीदायक वाटतो, पण सहसा तो निरुपद्रवी असतो. गोचिडाचे तसे नाही.

माकडताप, ज्याला क्यासनूर फॉरेस्ट डिसीज म्हणतात, तो १९५७ साली कर्नाटकातील शिमोगा जिल्ह्यात प्रथम ओळखला गेला आणि २०१५ साली सत्तरी तालुक्यातील पाली गावात त्याचे रुग्ण आढळले. तो विषाणूमुळे होतो आणि गोचिडाच्या चाव्यातून पसरतो. डिसेंबर ते मे या काळात गोचिडांची तिळाएवढी पिल्ले पाल्यापाचोळ्यात आणि गवताच्या टोकांवर असतात. म्हणून या महिन्यांत पाचोळ्यावर बसू नये, जेवणासाठी उघडा दगड निवडावा, आणि निघण्यापूर्वी मोजे, विजार व बाह्यांच्या कडांना कीटकरोधक लावावे. रानात मेलेले माकड दिसले तर जवळ जाऊ नये, हात लावू नये आणि जागा लक्षात ठेवून वनखात्याला कळवावे, कारण माकडांचे मृत्यू ही या रोगाची पहिली खूण असते.

घरी पोचल्यावर कपडे थेट गरम पाण्यात टाकावेत आणि साबणाने अंघोळ करताना काखा, जांघा, गुडघ्यांमागची बाजू, कानांमागे आणि केसांच्या मुळाशी बोटांनी चाचपावे. मुलांचे अंग मोठ्यांनी तपासावे. चिकटलेला गोचीड चिमट्याने त्वचेच्या अगदी जवळ पकडून सरळ वर ओढावा, चिरडू नये, आणि जागा साबणाने धुवावी.

त्यानंतरचे दहा दिवस अंगावर लक्ष ठेवावे. लक्षणे साधारण तीन ते आठ दिवसांत सुरू होतात: अचानक थंडी वाजून चढणारा जोराचा ताप, डोके आणि कंबर फुटल्यासारखी दुखणे, डोळे लाल होणे, उलट्या. असे काही जाणवले तर मेडिकल दुकानातून तापाची गोळी आणून घरी पडून राहू नये. त्याच दिवशी इस्पितळात जावे आणि डॉक्टरांनी विचारण्याची वाट न पाहता, आपण कोणत्या तारखेला मोलेच्या रानात होतो आणि अंगावर गोचीड सापडला होता का, हे सर्वांत आधी सांगावे.